शेवांगा: सॅन गॅब्रिएल मिशनलगतचं टोंगवा गाव (जागा, पाणी, घरं, अन्न, नोंदी; मंचावरचा धागा, प्रत्येक मजकुराआधी लिहिणाऱ्याचं टोपणनाव)

गावठाण

लॉस एंजेलिसच्या डाउनटाउनपासून पूर्वेला चौदा-पंधरा किलोमीटरवर सॅन गॅब्रिएल आर्कांजेल हे स्पॅनिश मिशन आहे. त्याबद्दल मराठीत जे थोडंफार लिहिलं जातं ते घंटांची भिंत आणि जुना द्राक्षवेल इथंच संपतं. हा धागा मिशनच्या आधीपासून तिथं नांदत असलेल्या शेवांगा या टोंगवा गावाबद्दल काढला आहे. प्रवासवर्णन नको. जागा कशी ओळखायची, पाणी कुठून यायचं, घर कसं बांधायचे, काय खायचे, कागदपत्रांत गाव कसं शोधायचं, एवढ्यावरच लिहूया.

थोडी पार्श्वभूमी. टोंगवा लोकांचा मुलूख म्हणजे आजचं लॉस एंजेलिसचं खोरं, ऑरेंज काउंटीचा काही भाग आणि समुद्रातली पिमू (सांता कातालिना), सान क्लेमेंते, सान निकोलास ही बेटं. भाषा उतो-अझ्तेक कुळातली. स्पॅनिश लोकांनी मिशनच्या नावावरून त्यांना ‘गाब्रिएलिन्यो’ म्हटलं. ८ सप्टेंबर १७७१ रोजी पेद्रो कांबोन आणि आंखेल सोमेरा या फ्रान्सिस्कन पाद्र्यांनी मिशन स्थापलं, पण आजच्या जागी नव्हे. पहिली जागा व्हिटियर नॅरोजपाशी होती, इसांतकांगा गावाजवळ. तिथं पुराचा त्रास झाला म्हणून १७७५ च्या सुमारास मिशन पाचेक मैल वायव्येला सरकलं आणि शेवांगाच्या दारात येऊन बसलं. जुन्या जागेला अजून ‘मिसिओन व्हिएहा’ म्हणतात.

नकाशावर ठिपका मागू नका. हे गाव म्हणजे तटबंदी, वेस, पेठ असं काही नव्हतं. पाण्याच्या आसपास घुमटाकार घरांचा पुंजका, मधे पूजेचं उघडं आवार, कडेला धान्याच्या कणग्या आणि घाम काढायची मातीने लिंपलेली खोली. अशा गावात साधारण पन्नास ते शंभर-दीडशे माणसं. ऋतू पाहून काही कुटुंबं डोंगराकडे, काही समुद्राकडे जायची आणि परत यायची.

पाणलोट

जागा पाण्यानेच ठरवली आहे, म्हणून आधी भूगर्भ बघू.

उत्तरेला सॅन गॅब्रिएल डोंगररांग. तिच्या घळींतून येणारं पाणी पायथ्याशी पंख्यासारख्या पसरलेल्या जाड गोटे-वाळूच्या थरांत मुरतं आणि जमिनीखालून दक्षिणेकडे सरकतं. वाटेत रेमंड प्रस्तरभंग (खडक तुटून सरकल्याची रेषा) आडवा येतो. भंगाच्या रेषेवर खडक दळून त्याची चिकणमातीसारखी भुकटी झालेली असते आणि ती बांधासारखं काम करते. वरच्या बाजूला भूजलाची पातळी चढते, रेषेवर झरे फुटतात. आजच्या सॅन मरीनो आणि आर्केडियामधून ही रेषा जाते. आर्केडियाच्या वृक्षोद्यानातलं तळं याच भंगावरच्या खचलेल्या खळग्यात आहे, आणि सॅन मरीनोतलं लेसी पार्क हे एका आटवलेल्या तळ्याची बशी आहे. पार्कच्या मध्यभागी उभं राहून चारी बाजूंची चढण पाहिली की तळ्याचा आकार नजरेत येतो.

आता पहिली जागा का फसली ते. व्हिटियर नॅरोज ही दोन टेकड्यांमधली खिंड. सगळ्या सॅन गॅब्रिएल खोऱ्याचं पाणी, वरचं आणि जमिनीखालचंही, तिथून बाहेर पडतं. म्हणून ती जमीन ओली, सुपीक आणि दिसायला मोहात पाडणारी. पण एका मोठ्या पावसात नदी पात्र सोडते आणि शेत घेऊन जाते. अमेरिकन लष्कराच्या अभियंत्यांनी त्याच खिंडीत पूरनियंत्रणाचं धरण बांधलं आणि १९५७ मध्ये पूर्ण केलं, यातच सगळं आलं. टोंगवा लोक तिथं राहात होते, पण त्यांचं घर हलवता येतं. गव्हाचं शेत आणि पाट हलवता येत नाहीत.

शेवांगाची बाजू उंच. झरे बारमाही, पूर नाही, आणि झऱ्यांखालच्या दलदलीत घरासाठी लागणारं गवत.

नवखा_पाहुणा

म्हणजे आज चर्च उभं आहे तिथंच शेवांगा होतं असं धरायचं का?

गावठाण

चर्चच्या पायाखाली, असं म्हणू नका. ह्यूगो रीड या स्कॉटिश माणसाने १८५२ मध्ये ‘लॉस एंजेलिस स्टार’ वृत्तपत्रात पत्रं लिहून गावांची यादी दिली. त्याची पत्नी व्हिक्टोरिया स्वतः कोमिक्राबित या टोंगवा गावची, त्यामुळे यादीला वजन आहे. त्यात ‘सिबाग्ना’समोर सॅन गॅब्रिएल, ‘इसांत्काग्ना’समोर मिसिओन व्हिएहा, ‘आकुराग्ना’समोर ला प्रेसा आणि ‘यांग्ना’समोर लॉस एंजेलिस असं आहे. पण मिशनच्या नेमक्या जागेचं नाव म्हणून तोविस्कांगा हेही नोंदलेलं सापडतं. म्हणून एका बिंदूऐवजी तासा-दीड तासाच्या चालीत बसणारा गावांचा झुबका समजा: मिशनजवळ शेवांगा, ईशान्येला आकुरोंगा (रीडचं आकुराग्ना), पुढे सांता अनिताच्या, म्हणजे आर्केडियाच्या वृक्षोद्यानातल्या, तळ्याकाठी आणखी एक वस्ती. आपसांत सोयरीक, सणाला एकमेकांकडे जाणं, आणि झाडांवर मात्र ज्याच्या त्याच्या कुळाचा हक्क.

एक लक्षात ठेवा, शेवांगा, सिबाग्ना, सिबा, सिबापेत ही सगळी एकाच गावाची रूपं. शेवटचं रूप गावाचं नसून तिथल्या माणसाचं आहे. हे माहीत नसेल तर नोंदवह्यांत एक गाव तीन वेळा मोजलं जातं.

दप्तरखाना

नोंदवह्यांबद्दल मी लिहितो, कारण गोंधळ इथंच जास्त होतो.

मिशनमध्ये तीन वह्या चालायच्या: बाप्तिस्मा, विवाह, दफन. प्रत्येक बाप्तिस्म्याला अनुक्रमांक. कॅलिफोर्नियाच्या एकवीस मिशनांच्या या वह्यांमधल्या नोंदी हंटिंग्टन ग्रंथालयाने एका डेटाबेसमध्ये आणल्या आहेत. तो २००६ पासून सर्वांना खुला आहे. १७६९ ते १८५० या काळातले एक लाखाहून जास्त बाप्तिस्मे त्यात आहेत. हंटिंग्टन सॅन मरीनोतच आहे, म्हणजे शेवांगाच्या शिवाराला लागून, पण त्यासाठी तिथं जायची गरज नाही.

शोधायची रीत अशी. मिशन सॅन गॅब्रिएल निवडा. मूळगावाच्या रकान्यात पूर्ण नाव टाकू नका, ‘सिब’ एवढंच टाकून पुढचं मोकळं ठेवा. पाद्री कानाने ऐकून स्पॅनिश वळणाने लिहायचे, त्यामुळे ब आणि व अदलाबदल होतात, ह कधी गळतो, ‘न्ग’चं ‘ग्न’ होतं. शेवट ‘न्गा’ असेल तर ते ठिकाण. ‘बित’, ‘वित’, ‘पेत’ असेल तर तिथला रहिवासी. सगळे निकाल एका तक्त्यात उतरवून घ्या आणि बाप्तिस्मा-क्रमांक हीच ओळख धरा. स्पॅनिश नाव ही ओळख नव्हे. होसे आणि मारिया शेकड्याने आहेत. दफनाच्या नोंदीत बहुतेकदा बाप्तिस्म्याचा क्रमांक दिलेला असतो, त्यावरून दोन नोंदी जोडा. नुसत्या नावावरून जोडलंत तर मेलेला माणूस दहा वर्षांनी लग्न करताना सापडेल.

आता कुठं फसायला होतं ते.

बाप्तिस्म्याची तारीख म्हणजे गाव सोडल्याची तारीख नव्हे. मरणाच्या दारातल्या माणसाला गावात जाऊनही बाप्तिस्मा दिला जायचा. उलट मुलांचा बाप्तिस्मा आधी आणि आईबाप काही वर्षांनी, असंही खूप दिसतं. मूल मिशनच्या ताब्यात गेल्यावर पालकांना मागोमाग यावं लागायचं.

वय हा पाद्र्याचा अंदाज. तीस, चाळीस, साठ असे गोल आकडे जास्त दिसले की समजून जा.

पळून गेलेल्यांची दफननोंद नसते. तेव्हा ‘नोंद नाही म्हणजे जगला’ किंवा ‘हरवला म्हणजे मेला’, दोन्ही निष्कर्ष चुकीचे.

आणि सर्वांत मोठी चूक: एका गावाच्या नावावर जितके बाप्तिस्मे तितकी गावाची लोकसंख्या, असा हिशेब. ती अनेक वर्षांची बेरीज असते. त्यात वारलेले, मिशनमध्ये जन्मूनही आईच्या गावाच्या नावावर टाकलेले, लग्न होऊन दुसऱ्या गावी गेलेले, सगळे एकत्र असतात.

या वह्यांतून दिसणारं चित्र कठोर आहे. मिशनची वस्ती १८१७ मध्ये सतराशेच्या वर गेली, पण ती लांबलांबच्या गावांतून माणसं आणून टिकवलेली होती. बालमृत्यू प्रचंड. अविवाहित मुली-बायकांना रात्री एका कोंदट खोलीत कुलूपबंद ठेवायचे, तिथं आजार झपाट्याने पसरायचे. १८०६ ची गोवराची साथ दफनाच्या वहीत पानामागून पान दिसते. मिशनच्या आवारातल्या दफनभूमीत सुमारे ६,००० मूळनिवासी पुरले आहेत असं सांगितलं जातं.

कुडाचंघर

घराचं मी सांगतो. टोंगवा भाषेत ‘कीय’. गोल घुमट, साधारण १२ ते ३५ फूट व्यासाचा.

सांगाडा विलोच्या हिरव्या फोकांचा. विलो म्हणजे आपल्या वाळुंजाचा सख्खा भाऊबंद, ओढ्याकाठी उगवणारा. फोक अंगठ्यापेक्षा जाड, मनगटापेक्षा बारीक घ्यायचे. दोराने वर्तुळ आखून हात-दीड हात अंतरावर खड्डे घ्यायचे, एक ते दीड फूट खोल. फोकाचं बुड खड्ड्यात घालून माती ठोकून बसवायची, मग समोरासमोरचे दोन फोक एकमेकांकडे वाकवून शेंड्याला बांधायचे. तोडल्यापासून एक-दोन दिवसांतच वाकवायला हवेत. वाळलेला विलो वाकत नाही, तडकतो. वाकवताना एकदम ओढायचं नाही, गुडघ्यावर टेकवून थोडं थोडं पुढं न्यायचं. उभ्या फोकांवरून आडव्या काठ्यांच्या कड्या, दोन कड्यांत दोन-अडीच फूट. बांधायला विलोची ओली साल किंवा तंतूंची दोरी. ओली साल वाळताना आवळते आणि गाठ घट्ट बसते.

आच्छादन टूली गवताच्या चटयांचं. टूली हे लव्हाळ्याच्या कुळातलं, पुरुषभर उंच, आत स्पंजासारखं. उन्हाळ्याच्या शेवटी कापायचं, सावलीत पसरून वाळवायचं. कडक उन्हात ते ठिसूळ होतं आणि ढीग लावला तर बुरशी धरते. चटई करण्याआधी थोडं भिजवून घ्यायचं. चटया खालून वर लावत जायच्या, वरची चटई खालचीवर वीतभर चढवून, कौलं शाकारतात तशी. उलट क्रमाने लावलीत तर पाणी सरळ आत. माथ्यावर धुराडं, मधोमध चूल, पावसात धुराड्यावर कातडं किंवा सुटी चटई.

नवखा_पाहुणा

गवताचं घर पावसात गळत नाही?

कुडाचंघर

पाऊस लागला की टूलीची नळी पाणी धरून फुगते आणि फटी मिटतात. शिवाय घुमटाला उतार सगळीकडे असतो. गळतं ते माथ्याजवळ, कारण तिथं उतार कमी. म्हणून माथ्याला दोन-तीन थर. आपल्याकडच्या मृगात हे घर टिकणार नाही, पण त्या खोऱ्यात वर्षाला जेमतेम पंधरा-वीस इंच पाऊस, तोही बहुतेक हिवाळ्यात.

खरी कीड खालच्या बाजूने लागते. जमिनीला टेकलेली चटई आधी कुजते. म्हणून खालची ओळ सुटी ठेवायची, ती एकटी बदलता येते. फोकांचं बुडही तिथंच सडतं. ओला विलो कधी कधी मूळ धरतो, मग घरालाच पालवी फुटते.

मिशनने याच लोकांना विटा पाडायला लावल्या. लग्न झालेली कुटुंबं मात्र मिशनजवळ बराच काळ अशाच गवती घरांत राहात होती. एका फटक्यात गवतातून मातीत, असं झालं नाही.

कंदमूळ

अन्नावर सविस्तर लिहितो, कारण ‘ते एकॉर्न (ओक झाडाचं फळ) खायचे’ या वाक्याने काहीच कळत नाही.

शेवांगाच्या परिसरात दोन ओक महत्त्वाचे: सदाहरित कोस्ट लाइव्ह ओक आणि एंगलमन ओक. डोंगरात वर ब्लॅक ओक. चवीला आणि टिकायला ब्लॅक ओक पहिला. कोस्ट लाइव्ह ओकच्या फळातही तेल चांगलं. एंगलमनचं फळ जमिनीवर पडताच कोंब धरतं, त्यामुळे साठवणीला वाईट, लगेच वापरायचं.

वेचणी सप्टेंबरअखेरीपासून नोव्हेंबरपर्यंत. आधी गळणारी फळं घेऊ नयेत, ती बहुधा किडकी. पाण्यात टाका: तरंगतात ती किडकी किंवा पोकळ, बुडतात ती घ्या. बारीक गोल भोक दिसलं तर अळी आतून बाहेर पडून गेलेली असते. भोक नाही म्हणजे अळी नाही असं मात्र नव्हे. मग वाळवण. गर टरफलात खुळखुळेपर्यंत वाळवायचं, त्याला आठवडे लागतात. अर्धवट वाळलेली भरलीत तर आत काळी बुरशी. साठवण विलोच्या विणलेल्या मोठ्या कणगीत, कणगी मचाणावर, म्हणजे उंदीर-घुशींपासून लांब.

फोडताना फळ उभं धरून दगडाने टोकावर ठोका द्यायचा. गरावरची तांबूस साल पूर्ण काढायची. आळशीपणा इथं महागात पडतो, कारण कडवटपणा त्या सालीत भरपूर असतो. मग उखळात कुटायचं. चिया आणि गवताच्या बियांसाठी पाटा-वरवंटा, एकॉर्नसाठी उखळ, कारण तेलकट गर पाट्यावर चिकटतो. कुटलेलं टोपलीत पाखडून जाड कण परत उखळात. पीठ जितकं बारीक तितका कडवटपणा लवकर निघतो.

कडवटपणा टॅनिन या तुरट द्रव्याचा, तो पाण्याने धुवायचा. स्वच्छ वाळूत दोन-तीन फूट रुंद उथळ खळगा, त्यात पीठ बोट-दोन बोटं जाडीने थापायचं. पाणी थेट ओतलं तर पिठात खड्डा पडतो आणि वाळू वर येते, म्हणून पानांची जुडी वर धरून तिच्यावर ओतायचं. जिरलं की पुन्हा. चव घ्यायची, कडू-तुरट लागणं थांबेपर्यंत चालू. नंतर वरचं पीठ अलगद उचलायचं, वाळूला चिकटलेला खालचा थर वेगळा पाण्यात ढवळून घ्यायचा, वाळू तळाला बसते. सह्याद्रीत कातकरी-ठाकर कडू करांद्याच्या चकत्या राख घालून उकळतात आणि रात्रभर वाहत्या पाण्यात ठेवतात, तेच तत्त्व.

गरम पाण्याने लवकर होतं, पण मग पीठ बांधत नाही. साधारण ७४ अंश सेल्सिअसच्या वर स्टार्च आधीच फुलतो आणि नंतर शिजवताना गोळा सुटा पडतो. थंड पाण्याने वेळ लागतो, पीठ चिकट राहतं.

शिजवलं की त्याला ‘वीविश’ म्हणतात. मीठ नाही, गूळ नाही, चव जवळजवळ सपक. ते मांस, मासे, चिया यांच्याबरोबर खायचं असतं. नुसतं चाखून नाक मुरडणाऱ्यांनी नुसती भाकरीही एकदा खाऊन बघावी.

नवखा_पाहुणा

टोपलीत शिजवायचे म्हणतात ते कसं? टोपली जळत नाही?

कंदमूळ

घट्ट विणलेल्या टोपलीत पातळ पीठ, त्यात तापवलेले मुठीएवढे दगड. दगड निखाऱ्यातून काढून आधी एका पाण्यात बुडवायचा, राख धुतली जाते, मग टोपलीत. तळाला स्थिर ठेवला तर टोपली जळते, म्हणून लाकडी फासाने सतत फिरवत राहायचं. नदीतला ओला गोटा वापरू नये, आतल्या ओलाव्याची वाफ होऊन तो फुटतो.

पण या भागात एक सोय होती: पिमू बेटावरचा शंखजिऱ्याचा दगड. इतका मऊ की कठीण दगडाच्या छिन्नीने कोरता येतो आणि आचेवर तडकत नाही. बेटावरच्या खाणींत आजही कातळाला लगडलेली अर्धवट भांडी दिसतात. आधी बाहेरचा गोलवा कोरायचा, मग मुळापासून तोडायचं, पोकळ नंतर करायचं. मधे फुटलं तर वाया गेलेली मेहनत कमी. ही भांडी फळ्या शिवून केलेल्या ‘तिआत’ नावेतून किनाऱ्यावर यायची आणि तिथून पायवाटेने आतल्या गावांत. नावेच्या फटी डांबर आणि पाइनच्या राळेच्या मिश्रणाने बुजवायच्या. नुसतं डांबर थंड पाण्यात कडक होऊन तडकतं, राळेने ते धरून राहतं. भांड्याला भेग गेली तर तेच डांबर.

मांडवीकाठ

गोव्यातही फ्रान्सिस्कन होते. बार्देस त्यांच्याकडे, सासष्टी जेझुइटांकडे. मग हे तसंच झालं म्हणायचं का?

दप्तरखाना

धर्मांतर दोन्हीकडे, पण गावाचं जे झालं ते अगदी वेगळं. गोव्यात देवळं पाडली, तरी गाव जागेवर राहिलं. गावकरी ही संस्था पोर्तुगीजांनी १५२६ च्या फोरालमध्ये (सनदेत) लिहून घेतली आणि तिच्याकडून सारा वसूल केला. शेत, बांध, खाजन (खाडीकाठची बांध घातलेली) जमीन गावाकडेच. कॅलिफोर्नियात धोरण उलटं होतं: विखुरलेल्या वस्त्या रिकाम्या करून माणसं मिशनभोवती गोळा करायची. बाप्तिस्मा झाला की परवानगीशिवाय गावी जाता येत नसे, गेलं तर सैनिक पकडून आणायचे, फटके द्यायचे. म्हणून गोव्यात जुन्या गावांची नावं आजही पत्त्यात आहेत आणि शेवांगा कागदात शोधावं लागतं.

१८३४ मध्ये मिशन सरकारजमा झालं तेव्हा जमीन मूळनिवाशांना मिळायची होती. मिळाली फार थोड्यांना. रीडच्या पत्नीला, व्हिक्टोरियाला, १८३८ मध्ये हुएर्ता दे कुआती ही १२८ एकरांची जमीन मिळाली, ती अपवादातली. वर पाणलोट यांनी सांगितलेलं लेसी पार्कचं तळं त्याच जमिनीत होतं.

इतिहासप्रेमी_नाशिक

टोयपुरिना या स्त्रीने मिशनविरुद्ध उठाव केला, ती याच गावची ना? तिचं कोर्टातलं तडफदार भाषण सगळीकडे फिरतं.

गावठाण

टोयपुरिना जाचिवित गावची. शेवांगाचा संबंध दुसऱ्या माणसाशी आहे, निकोलास होसेशी. तो सिबापेत, म्हणजे शेवांगाचा, १७७४ मध्ये बाप्तिस्मा झालेला आणि मिशनमध्ये अल्काल्दे (मूळनिवाशांचा मुकादम) म्हणून निवडलाही गेलेला. म्हणजे आतला माणूस. त्याची तक्रार नेमकी होती: बाप्तिस्मा झालेल्यांना गावी जाऊन मृतांचे नाच-विधी करायला बंदी घातली होती. मृतांचे विधी अडवले तर समाजाचा कणाच मोडतो. त्याने टोयपुरिनाला मणी देऊन बाप्तिस्मा न झालेल्या गावांना गोळा करायला सांगितलं, कारण तिचा शब्द त्या गावांत चालायचा. २५ ऑक्टोबर १७८५ च्या रात्री ते आले, पण पहारेकऱ्यांना आधीच सुगावा लागला होता, त्या दोघांसह बरेच जण पकडले गेले.

चौकशी जानेवारी १७८६ मध्ये झाली. उत्तरं दुभाष्यामार्फत, लिहून घेणारा सैनिक, आणि लिहिलेलं ‘ती म्हणाली की’ या वळणाचं. आपल्या भूमीवर येऊन राहिलेल्या पाद्र्यांवर आणि मिशनच्या लोकांवर तिचा राग होता, एवढं त्यात आहे. फिरणारं तडफदार भाषण विसाव्या शतकात रंगवलेलं. मूळ उत्तर कमी नाट्यमय असलं तरी जास्त थेट आहे.

निकोलास होसेला सान फ्रान्सिस्कोच्या ठाण्यात बेड्यांसकट सहा वर्षांची सक्तमजुरी झाली. टोयपुरिनाचा बाप्तिस्मा १७८७ मध्ये झाला, नाव रेखिना होसेफा. तिला उत्तरेला पाठवलं, १७८९ मध्ये तिने मानुएल मोंतेरो या सैनिकाशी लग्न केलं आणि १७९९ मध्ये सान हुआन बाउतिस्ताला ती वारली. धाकापोटी की मनाने, यावर लोक भांडतात. वही फक्त तारीख सांगते.

पाणलोट

पाण्याचं पुढे काय झालं ते राहिलं. १८१६ च्या सुमारास फादर साल्विदेआने झऱ्यांवर पिठाची गिरणी बांधली, एल मोलिनो व्हिएहो, ती सॅन मरीनोत अजून उभी आहे. काम करणारे हात टोंगवा आणि इतर मूळनिवाशांचे. खालच्या भिंती पायाशी पाच फूट जाड, चुना समुद्री शिंपले भाजून केलेला, तुळया कातड्याच्या वाद्यांनी बांधलेल्या. चाक आडवं: पाणी घसरणीवरून पात्यांवर आदळायचं आणि त्याच उभ्या दांड्यावर वरच्या खोलीत बसवलेलं दळायचं जातं फिरायचं. दातेरी चक्रं नाहीत, म्हणजे मोडायला कमी, पण वेगही वाढवता येत नाही. खरी खोड दुसरीच. चाकाची खोली दळणाच्या खोलीच्या बरोबर खाली, तुषार आणि दमटपणा वर यायचा, पीठ ओलसर व्हायचं. ओलं पीठ गठ्ठा धरतं आणि आंबतं. वर पुन्हा मिशनपासून लांब.

१८२३ मध्ये जोसेफ चॅपमनने मिशनजवळच दुसरी गिरणी उभारली. हा गृहस्थ १८१८ मध्ये बुशार्ड नावाच्या जहाजी लुटारूने किनाऱ्यावर केलेल्या हल्ल्यात पकडला गेलेला अमेरिकन, सुतारकामामुळे टिकून राहिला. त्या गिरणीचे पाये आणि पाट रेल्वेमार्ग खाली घेण्याच्या खोदकामात सापडले, पाटाचा एक भाग उचलून मिशनजवळच्या उद्यानात मांडला आहे.

गावाच्या दृष्टीने परिणाम एवढाच: झरे गिरण्यांकडे, कातडी कमावण्याकडे आणि गव्हाकडे वळले, की खालची दलदल आटते. दलदल आटली की टूली नाही, टूली नाही म्हणजे चटई नाही. गुरं सोडली की चिया आणि बियांचं गवत चरून फस्त. माणसं पकडून आणायच्याही आधी गावात राहणंच अशक्य होत गेलं. फटक्यांबद्दल खूप लिहिलं जातं, गुरांबद्दल कमी.

नवखा_पाहुणा

प्रत्यक्ष गेलं तर काय पाहायचं? आणि ‘टोंगवा’ म्हणायचं की ‘कीझ’? दोन्ही वाचलं.

गावठाण

क्रम असा ठेवा: आर्केडियाचं वृक्षोद्यान (तळं, शिवाय टूली कशी उभी असते ते), मग लेसी पार्क, एल मोलिनो व्हिएहो, शेवटी मिशन. उतारावरून पाणी जसं येतं तसं आलात की जागा आपोआप उलगडते. मिशनपासून सुरुवात केली तर शेवटपर्यंत मिशनच दिसतं. चर्चचं दगडी बांधकाम १७९१ ते १८०५ चं. ८ डिसेंबर १८१२ च्या भूकंपात मनोरा पडला, म्हणून सहा घंटांची भिंत. ११ जुलै २०२० च्या आगीत छप्पर जळालं, दुरुस्ती झाली आहे.

नावाचं: ‘कीझ’ १८४६ मध्ये छापलेल्या नोंदीत आहे, ‘टोंगवा’ १९०३ मध्ये सी. हार्ट मेरियम या अभ्यासकाने एका बाईंकडून लिहून घेतलं. आज वंशजांचे वेगवेगळे गट आहेत आणि त्यांच्यात यावर तीव्र मतभेद आहेत. ज्या गटाशी बोलाल तो स्वतःला जे म्हणतो ते वापरा. कॅलिफोर्निया राज्याने १९९४ मध्ये त्यांना या खोऱ्याचे मूळनिवासी म्हणून मान्यता दिली, केंद्राची मान्यता नाही. १८५१-५२ मध्ये कॅलिफोर्नियातल्या जमातींशी झालेले अठरा करार सिनेटने मंजूर केले नाहीत आणि १९०५ पर्यंत गुप्त ठेवले, त्याचं हे शेपूट. २०२२ मध्ये आल्टाडीनात एक एकर जमीन टोंगवा संस्थेला परत मिळाली.

कंदमूळ

जाताय तर एक सूचना. उद्यानातली फळं उचलू नका, नियमात बसत नाही. ओळखीच्या कुणाच्या अंगणात कोस्ट लाइव्ह ओक असेल तर तिथली घ्या. लॉनवर फवारणी होत असेल तर तीही नकोत. घरी वाळू नको, मोठी काचेची बरणी पुरे. अर्धी बरणी पीठ, वर थंड पाणी, ढवळून फ्रिजमध्ये. रोज वरचं तांबूस पाणी ओतून नवीन. तळाशी पांढरट थर बसतो तो स्टार्च, तो पाण्याबरोबर जाऊ देऊ नका, तोच बांधतो. आठवडाभरात होतं, पण दिवस मोजू नका, चव घ्या. मग फडक्यातून पिळून, एका वाटी ओल्या पिठाला चार वाट्या पाणी, मंद आचेवर सतत ढवळत अर्धा तास. वड्यांसारखं घट्ट बसायला गार होऊ द्या. जिभेला तुरट ओढ राहिली असेल तर शिजवून ती जात नाही. शिजवण्याआधीच परत धुवा.